इंग्रजांच्या बोलीतले नुकसानीचे पत्ते

ट्रेंटकाठ (धागाकर्ता)

इंग्लंडात वस्तू मोडली, पैसे बुडाले किंवा बेत फसला, तर लोक तसं सरळ सांगत नाहीत. त्यांच्या बोलीत ती गोष्ट कुठेतरी निघून जाते. बर्टनला जाते, पश्चिमेला जाते, कुत्र्यांकडे जाते, सावकाराच्या नळीतून वर जाते, नाहीतर स्वानी नदीतून खाली वाहत जाते. माणूस कफल्लक झाला की तो कॅरी स्ट्रीटला असतो. मी मिडलंड्समध्ये नोकरी करतो. जुन्या सहकाऱ्यांच्या तोंडून हे ऐकून माझं एक मत झालंय: नुकसानीला पत्ता मिळाला की इंग्रज माणसाला ती निम्मी वाटते. पटतंय का बघा.

सुरुवात 'गॉन फॉर अ बर्टन'पासून. आज फुटलेल्या कपापासून बंद पडलेल्या बॉयलरपर्यंत सगळं बर्टनला जातं. पण ही बोली दुसऱ्या महायुद्धातल्या ब्रिटिश हवाई दलाची. छापील उल्लेख १९४१ पासून मिळतात. रात्री गेलेलं विमान सकाळपर्यंत आलं नाही की मेसमध्ये त्या पोरांबद्दल एवढंच बोललं जायचं. बॉम्बर कमांडच्या, म्हणजे हवाई दलाच्या बॉम्बफेकी विभागाच्या, सुमारे १,२५,००० वैमानिक-सैनिकांपैकी ५५,५७३ मेले. जेवणाच्या टेबलावर रोज दोन-चार खुर्च्या रिकाम्या होत असतील, तर 'मेला' हा शब्द रोज कोण उच्चारणार?

बर्टन म्हणजे काय, यावर मात्र भांडणं आहेत. स्टॅफर्डशरमधलं बर्टन-अपॉन-ट्रेंट हे बिअरचं गाव. तिथल्या विहिरींच्या पाण्यात जिप्सम भरपूर, त्यामुळे फिकट, स्वच्छ, कडवट बिअर उत्तम होते. १८२० च्या दशकात रशियाने आयातकर वाढवले, तेव्हा ऑलसॉपसारख्या तिथल्या कंपन्यांनी हिंदुस्थानकडे मोर्चा वळवला. मुंबई-कलकत्त्याच्या साहेबांसाठी पिंपं भरून पाठवलेली ती बिअर आज 'इंडिया पेल एल' म्हणून ओळखली जाते. तर 'बर्टन' म्हणजे बर्टनच्या बिअरचा एक ग्लास, आणि तो पोरगा मेलेला नाही, जरा प्यायला बाहेर गेलाय. विमान समुद्रात पडलं की 'ड्रिंकमध्ये पडलं' असंही हवाई दलात म्हणायचेच, त्यामुळे हे जुळतं.

दुसरी बाजू म्हणते, हा बर्टन म्हणजे मॉन्टेग्यू बर्टन, लीड्सचा कपडेवाला. त्याच्या बऱ्याच दुकानांच्या माडीवर बिलियर्ड्सचे हॉल असत. युद्धात ब्लॅकपूलच्या अशाच एका हॉलमध्ये वायरलेसवाल्यांच्या मोर्सच्या परीक्षा होत, आणि नापास झालेला तो 'बर्टनला गेला'. पुरावा कुणाकडेच पक्का नाही. माझं मत बिअरच्या बाजूने, कारण 'अ बर्टन'मधला तो 'अ'. दुकानात कोणी 'एक बर्टन' घ्यायला जात नाही.

त्याआधीच्या महायुद्धातले शिपाई मेले की 'वेस्ट'ला, म्हणजे पश्चिमेला जायचे. सूर्य मावळतो ती दिशा, एवढं सरळ कारण पुरे आहे. पण लंडनवाले टायबर्न आणतातच. न्यूगेटच्या तुरुंगातून फाशीच्या कैद्याला गाडीत घालून पश्चिमेला टायबर्नपर्यंत, म्हणजे आजच्या मार्बल आर्चजवळ नेत. १७८३ पर्यंत हे चालू होतं.

आता माझा सर्वांत आवडता पत्ता: 'अप द स्पाउट'. वस्तू गहाण ठेवून घेणाऱ्या सावकाराच्या दुकानात एक उभी नळी किंवा छोटी लिफ्ट असायची. गल्ल्यावर तुमचा कोट घेतला, चिठ्ठी दिली, आणि कोट त्या नळीतून वरच्या माळ्यावर गेला. बायका सोमवारी नवऱ्याचा रविवारचा सूट वर पाठवत आणि शनिवारी पगार झाला की सोडवत. न सोडवलेला कोट कायमचा वर. म्हणून आजही योजना, लग्न, गाडीचं इंजिन, काहीही 'अप द स्पाउट' जातं. दिवस गेलेल्या मुलीबद्दलही हेच म्हणत, पण तो अर्थ जरा गावंढळ. या सावकाराला 'अंकल' म्हणत. त्याच्या दारावर तीन सोनेरी गोळे टांगलेले असत, आणि जुना विनोद असा की वस्तू परत न मिळण्याची शक्यता दोनास एक.

पुढचा पत्ता खराखुरा आहे. लंडनच्या उच्च न्यायालयाच्या मागच्या बाजूला कॅरी स्ट्रीट. एकोणिसाव्या शतकात दिवाळखोरीचं न्यायालय तिथे गेलं आणि 'इन कॅरी स्ट्रीट' म्हणजे दिवाळं. त्याचा भाऊ 'क्वीअर स्ट्रीट', कर्जात बुडालेल्यांची गल्ली. ती मात्र कुठल्याच नकाशात नाही.

तुमच्याकडचे पत्ते येऊ द्या.

आगाऊ

धागा भारी, पण तुमचा सिद्धांत डळमळीत. आमच्याकडे गोष्टी जात नाहीत का? चुलीत जातात, खड्ड्यात जातात, मसणात जातात, पाण्यात जातात. इंग्रजांना कसलं कौतुक?

ट्रेंटकाठ

@आगाऊ, या जागा झाल्या, पत्ते नव्हेत. चूल घरोघरी असते आणि मसण गावोगावी. पोस्टमन पत्र टाकू शकेल असं नाव सांगा.

मृद्गंध

घ्या की. 'कामाची पार काशी केली.' 'पानिपत झालं.' आणि देवाच्या आळंदीला निघालेला माणूस चोराच्या आळंदीला पोचतो, तीही पुण्याजवळ आहे, पोस्टमन जातो.

पण तुम्ही हवाई दलाचं लिहिलंत त्यावरून पानिपतचंच आठवलं. १७६१ च्या जानेवारीत पेशव्यांना बातमी कळली ती सावकारी पत्रातून: दोन मोत्ये गळाली, सत्तावीस मोहरा हरपल्या, रुपये-खुर्दा किती गेला त्याची गणती नाही. मोत्ये म्हणजे भाऊसाहेब आणि विश्वासराव. ती थट्टा नव्हती, गुप्त भाषा होती. तरी माणसं गेल्याचं सांगायला पैशांचा हिशेब वापरला. इंग्रज पोरांनी बिअर वापरली. युद्धात मेल्याला मेला म्हणवत नाही, ही काही बेटावरचीच गोष्ट नव्हे.

ट्रेंटकाठ

हे मान्य. फरक एवढाच की आपल्याकडे पानिपत म्हटलं की अजूनही पोटात कालवतं. त्यांच्याकडे 'बर्टन' आज बिघडलेल्या किटलीलाही लागतं.

भाऊ_देवळालीकर

नाशिककर असून गप्प बसणं बरं नव्हे. इंग्रजांच्या बोलीत आमच्या गावाचा पत्ता आहे! 'डूलॅली' म्हणजे डोक्यावर परिणाम झालेला. मूळ देवळाली.

ब्रिटिश लष्कराचा देवळालीला मोठा तळ होता. मुदत संपलेले गोरे शिपाई मायदेशी जाण्याआधी इथे आणून ठेवत. सैन्य नेणारी जहाजं मुंबईहून हिवाळ्याच्या मोसमातच सुटत. ज्याची मुदत चुकीच्या महिन्यात संपली, तो इथे महिनोन्‌महिने बसून. कवायत नाही, काम नाही, लढाई नाही, वर उन्हाळा. दारू, मलेरिया, गुप्तरोग आणि कंटाळा. काहींची डोकी खरोखर फिरत, बाकीच्यांची फिरल्यासारखी दिसत. त्याला 'डूलॅली टॅप' म्हणायचे. टॅप म्हणजे आपला ताप. पुढे टॅप गळला आणि डूलॅली उरलं.

आता इंग्लंडातल्या आज्या नवऱ्याला 'डूलॅली झालाय' म्हणतात, त्यांतल्या फारच थोड्यांना हे एका जित्याजागत्या गावाचं नाव आहे याची कल्पना असेल. आमच्याकडे मात्र कॅम्पातली हवा अजूनही चांगलीच आहे. हलकेच घ्या.

गणपुले_काका

इंग्रजांनी आपल्याकडून उचललेलं आणखी एक. 'आय डोन्ट गिव्ह अ डॅम' यातला डॅम म्हणजे आपला दाम, मोगली तांब्याचं नाणं. 'एका दामाचीही किंमत देत नाही' असा अर्थ. वेलिंग्टन असईच्या लढाईला इकडेच होता, तोच ही बोली घेऊन गेला. 'टपनी डॅम' हा त्याचा लाडका शब्द.

निमशहरी

काका, गोष्ट गोड आहे आणि इंग्रजीतल्या हिंदुस्थानी शब्दांच्या जुन्या हॉब्सन-जॉब्सन कोशातही सापडते, पण ऑक्सफर्डच्या कोशकारांनी ती नाकारली आहे. तो डॅम म्हणजे साधा शाप, नरकात जा म्हणतात तोच. त्यांच्याकडे 'नॉट वर्थ अ कर्स' आधीपासून होतंच.

आपल्याकडून गेलेला त्याहून बरा शब्द देतो: 'गॉन फुट'. बल्ब, पंखा, मोटार जळली की 'इट्स गॉन फुट'. त्याचा संबंध कोशकार हिंदीतल्या 'फटना'शी जोडतात आणि तो एकोणिसाव्या शतकाच्या शेवटी हिंदुस्थानातल्या इंग्रजांच्या लिखाणात दिसू लागतो. शिवाय आवाजही तसाच होतो, त्यामुळे टिकला.

गणपुले_काका

कोशकार लंडनला बसतात. असईला कोणी गेलं होतं का?

निमशहरी

 :) काका, यावर काय बोलणार.

चिमणी

ट्रेंटकाठ, पत्त्यांबरोबर एक नावही लिहायला हवं होतं. 'स्वीट फॅनी ॲडम्स', बोलताना 'स्वीट एफए'. अर्थ: शून्य, काहीसुद्धा नाही. वर्षभर राबून हाती काय आलं? स्वीट एफए. बहुतेकांना वाटतं हे एका शिवीचं सभ्य रूप आहे, आणि आज तसंच वापरतात.

पण फॅनी ॲडम्स खरी मुलगी होती. हॅम्पशरमधल्या ऑल्टन गावची, ८ वर्षांची. २४ ऑगस्ट १८६७ रोजी फ्रेडरिक बेकर नावाच्या वकिलाच्या कारकुनाने तिला मारलं आणि तुकडे केले. त्याच वर्षी २४ डिसेंबरला त्याला विंचेस्टरला फाशी दिली. दोन वर्षांनी नौदलाच्या जेवणात डबाबंद मटण सुरू झालं. खलाशांना ते आवडेना, आणि कुणीतरी म्हणालं, ही फॅनी ॲडम्सच असणार. झालं. आधी मटणाला ते नाव पडलं, मग काहीच किंमत नसलेल्या कुठल्याही गोष्टीला, आणि शेवटी 'काही नाही' यालाच. तो रिकामा डबा खलाशी जेवायला वापरत, त्यालाही 'फॅनी' म्हणू लागले.

ऑल्टनच्या दफनभूमीत तिचा दगड आहे, लोकांनी वर्गणी काढून बसवलेला. तुमचा सिद्धांत असा की पत्ता दिला की नुकसान हलकं होतं. इथे कोणाचं हलकं झालं?

ट्रेंटकाठ

खलाशांचं. तिच्या आईबापांचं नाही, हे खरंच. सिद्धांताला हे ठिगळ लावून घेतो: ज्याचं नुकसान झालेलं नसतं, तोच बहुधा नाव ठेवतो. कॅरी स्ट्रीट हे नाव दिवाळं निघालेल्यापेक्षा शेजाऱ्यांच्या तोंडी जास्त असणार.

यॉर्कशरची_सून

ठिगळ सगळीकडे बसणार नाही. आमच्या इकडे कंगाल माणूस स्वतःबद्दलच मोठ्याने बोलतो. 'स्किंट' म्हणजे सोलून काढलेला. 'ब्रॅसिक' हे 'बोरॅसिक लिंट'चं, म्हणजे जखमेवर लावायच्या औषधी कापडाच्या नावाचं, आखूड रूप. लिंट-स्किंट असं यमक. 'ऑन माय अपर्स' म्हणजे बुटाचा तळ झिजून गेला, वरचं चामडं तेवढं राहिलं. यांत पत्ता वगैरे काही नाही, अंगावरच्या गोष्टी आहेत.

उधळपट्टीचं विचाराल तर कॅसलफर्डच्या व्हिव्ह निकल्सनला मागे टाकणारं कोणी नाही. १९६१ मध्ये तिच्या नवऱ्याला फुटबॉल पूल्समध्ये, म्हणजे सामन्यांच्या निकालांवरच्या पैजेत, १,५२,३१९ पौंड लागले. नवरा खाणीत काम करणारा, पगार आठवड्याचा. पत्रकारांनी विचारलं, काय करणार? ती म्हणाली, स्पेंड, स्पेंड, स्पेंड. आणि केलंनही: मोटारी, कपडे, पार्ट्या. १९६५ मध्ये नवरा मोटारीच्या अपघातात गेला, कर्जं आणि कर मागे लागले, आणि पैसा संपला. २०१५ मध्ये ती वारली, तेव्हा सगळ्या वर्तमानपत्रांनी तेच तीन शब्द पुन्हा छापले. आमच्या सासूबाई आजही कुणाच्या हातात नवी पर्स दिसली की 'आली व्हिव्ह' म्हणतात.

अशा पैशाला इकडची सभ्य माणसं 'डाउन द ड्रेन' म्हणतात. पबमधली माणसं तो भिंतीवर काय करून घालवला ते सांगतात, ते इथे लिहीत नाही.

आगाऊ

लिहा की. संपादक झोपलेत.

तिरकस

माणसांची नावं निघालीत तर जेराल्ड रॅटनर यांना वगळून कसं चालेल? ब्रिटनमधली मोठी दागिन्यांची साखळी, प्रमुख रॅटनर. २३ एप्रिल १९९१, रॉयल अल्बर्ट हॉल, समोर कंपन्यांचे संचालक. साहेब विनोदाच्या भरात आले. आमचा शेरीचा काचेचा संच इतका स्वस्त कसा, असं लोक विचारतात. मी सांगतो, कारण तो टोटल क्रॅप आहे. आणि आमची कानातली कोळंबीच्या सँडविचपेक्षा स्वस्त आहेत, पण सँडविच बहुधा जास्त टिकेल. सभागृह हसलं. दुसऱ्या दिवशी वर्तमानपत्रांनी छापलं आणि गिऱ्हाईक हसेना. कंपनीचं मूल्य सुमारे ५० कोटी पौंडांनी घसरलं, पुढच्या वर्षी साहेबांना जावं लागलं, १९९३ मध्ये कंपनीने नावच बदललं. तेव्हापासून स्वतःच्या तोंडाने स्वतःचा धंदा बुडवणं म्हणजे 'डूइंग अ रॅटनर'. एखाद्या माणसाच्या आडनावाचं क्रियापद व्हावं आणि ते असं!

दुसरं आपल्या सगळ्यांच्या घरातलं. 'मेड अ हॉर्लिक्स ऑफ इट'. होय, तेच दुधात घालायचं हॉर्लिक्स. एका असभ्य शब्दाशी त्याचा आवाज जुळतो, म्हणून सभ्य लोक घोळाला हॉर्लिक्स म्हणतात. २००३ मध्ये इराकच्या शस्त्रांबद्दल सरकारने एक अहवाल काढला. त्याचा बराच भाग इंटरनेटवरच्या एका विद्यार्थ्याच्या लेखातून उचललेला निघाला. परराष्ट्रमंत्री जॅक स्ट्रॉ संसदेच्या समितीपुढे त्याला 'कम्प्लीट हॉर्लिक्स' म्हणाले. तिकडे युद्ध पेटलंय आणि इकडे मंत्री झोपताना प्यायच्या पेयाचं नाव घेताहेत. ट्रेंटकाठ, तुमच्या सिद्धांताला यापेक्षा चांगला पुरावा मिळणार नाही, फक्त पत्त्याच्या जागी डबा आहे.

अवांतर: ज्या बर्टनवर तुमचं भांडण आहे, त्या कपडेवाल्याची मालक कंपनी २०२० च्या अखेरीस कोसळली. पुढच्या वर्षी नाव विकलं गेलं आणि दुकानं बंद झाली. मथळे काय आले असतील ते सांगायला नको.

मृद्गंध

'पेअर-शेप्ड' राहिलं. 'इट्स ऑल गॉन पेअर-शेप्ड.' हेही हवाई दलाचंच म्हणतात: विमानाने आकाशात गोल घेताना हात चुकला की गोलाचा पेअर, म्हणजे नासपती होतो. फॉकलंडच्या युद्धानंतर छापील दिसू लागलं.

आणि 'पीट टाँग'. हा बीबीसीवरचा डीजे, चांगला हयात आहे. टाँग आणि राँगचं यमक, म्हणून १९८७ पासून लंडनच्या क्लबांतली पोरं काही बिघडलं की 'इट्स ऑल गॉन पीट टाँग' म्हणू लागली. त्या बिचाऱ्याने काहीही बिघडवलेलं नाही.

निमशहरी

'टू द डॉग्ज'बद्दल एक प्रचलित चूक आताच निस्तरून टाकू. हे ग्रेहाउंडच्या शर्यतींवरून आलेलं नाही. इंग्लंडात त्या शर्यती मँचेस्टरच्या बेल व्ह्यूला १९२६ मध्ये सुरू झाल्या. वाक्प्रचार त्याच्या कित्येक पिढ्या आधीचा. उष्टं-खरकटं कुत्र्यांपुढे टाकतात, तेवढाच अर्थ. 'डाउन द स्वानी' मात्र खरंच गंमतशीर आहे: नदी अमेरिकेतली, जॉर्जिया-फ्लोरिडातली. स्टीफन फॉस्टर यांनी १८५१ च्या गाण्यात ती घातली, तीही न बघता. आणि पैसे बुडतात ते ब्रिटिशांचे.

लीड्सला_निघालेली

पुढच्या महिन्यात नोकरीसाठी लीड्सला जातेय. वाचून मजा आली, आता कामाचं सांगा. यातलं ऑफिसात काय बोलू आणि काय नको?

ट्रेंटकाठ

'पेअर-शेप्ड' बिनधास्त, साहेबासमोरसुद्धा. 'डाउन द ड्रेन' तसंच. 'हॉर्लिक्स' पन्नाशीपुढच्यांना कळेल, बाकीचे तुमच्याकडे बघत राहतील. 'नॅकर्ड', म्हणजे खाटकाकडे न्यायच्या घोड्याइतकं थकलेलं, टीममध्ये चालतं, क्लायंटपुढे नको. काही वयस्कर लोकांना तो असभ्य वाटतो. 'क्वीअर स्ट्रीट' अजिबात नको, त्यातल्या पहिल्या शब्दाचा अर्थ आता वेगळाच, समलैंगिक असा आहे आणि खुलासा करत बसावं लागेल. 'स्वीट एफए' चिमणीताईंचं वाचल्यावर तुम्ही तसंही बोलणार नाही. 'डूलॅली' प्रेमाने म्हणतात, पण मानसिक आजाराच्या संदर्भात चुकूनही नको.

आणि 'बर्टन' जरूर वापरा. फक्त लीड्समध्ये तो बिअरचा आहे असं माझ्या नावावर सांगू नका. कपड्यांचा तो प्रचंड कारखाना तिथेच हडसन रोडवर होता, आणि तिथल्या बऱ्याच जणांच्या आज्या त्यात शिलाई करत होत्या.